बंगल्यातले भूत कोणत्या भाषेत बोलते?

मे महिन्यात जळगावचा पारा ४५ अंशांकडे सरकला की दुपारी रस्त्यावर माणूस दिसत नाही. धुळ्यातही तेच. दुकानदार शटर अर्धे ओढून घेतात, मुलांना सुट्टी असते आणि घराघरांत कूलरच्या आवाजावर मात करत टीव्ही चालू असतो. त्यावर काय लागलेले असते हे वाचकांना सांगायला नको. दक्षिणेकडचा, हिंदीत डब केलेला सिनेमा. त्यातही मुलांची पहिली फर्माईश भुताच्या बंगल्याची असते. कुलूप लावलेली एक खोली, रात्री वाजणारे पैंजण आणि घाबरून पलंगाखाली शिरणारा एक मामा. दादी ओरडते, "अरे बंद करा ते, रात्री झोपेत किंचाळाल!" आणि स्वतः मात खुर्ची थोडी पुढे ओढते.

आपल्या खानदेशाला हे सिनेमे मानवले, त्याला कारण आहे. आपल्या घरांत उर्दूमिश्रित हिंदी, गल्लीत अहिराणी आणि शाळेत मराठी. एका वाक्यात तीन भाषा आल्या तरी आपल्याला खटकत नाहीत. डबिंग करणारेही तमिळ विनोदाचे शब्दशः भाषांतर करत बसत नाहीत, त्याच्या जागी आपल्याकडचा विनोद बसवतात. म्हणून चेन्नईचा नट आपल्या मोहल्ल्यातल्या चाच्यासारखा बोलू लागतो. ओठ एक बोलतात, कानावर दुसरेच पडते, आणि पाच मिनिटांनी ते कोणाच्या लक्षातही राहत नाही.

करमणूक म्हणून यात काही वावगे नाही. पण या सिनेमांतल्या एका जुन्या गोष्टीत आपल्या घरांच्या फार कामाचे काहीतरी दडले आहे. नव्या सिनेमांनी ते पुसून टाकत आणले आहे. या महिन्यात त्याविषयी बोलू.

एक गोष्ट, पाच भाषा

२५ डिसेंबर १९९३ रोजी केरळमध्ये 'मणिचित्रताळ' हा मलयाळम सिनेमा लागला. दिग्दर्शक फाजिल, कथा मधु मुट्टम यांची. पुढे तीच गोष्ट २००४ मध्ये कन्नडमध्ये 'आप्तमित्र' झाली, २००५ मध्ये तमिळमध्ये रजनीकांतची 'चंद्रमुखी' आणि बंगालीत 'राजमहल' झाली, आणि २००७ मध्ये प्रियदर्शन यांनी हिंदीत 'भूलभुलैया' काढला. चेन्नईच्या शांती थिएटरात 'चंद्रमुखी' आठशेहून अधिक दिवस चालला. आपण टीव्हीवर पाहतो तो त्याचाच हिंदी डब.

गोष्ट थोडक्यात अशी. एक तरुण जोडपे जुन्या वाड्यात राहायला येते. वाड्यात एक बंद खोली आहे. एका नर्तकीला तिथल्या राजाने छळून मारले आणि तिचा आत्मा त्या खोलीत आहे, असे घरातले सगळे मानतात. सून ती खोली उघडते. मग रात्री गाणे ऐकू येते, वस्तू फुटतात, घरातल्यांच्या जिवावर बेतते. संशय भलत्याच मुलीवर जातो. नवऱ्याचा एक डॉक्टर मित्र येतो, मानसोपचार करणारा. त्याच्या लक्षात येते की भूतबित काही नाही. सूनच आजारी आहे. लहानपणी आईबाप तिला आजीकडे ठेवून दूर कलकत्त्याला गेले. एकटी पडलेली ती मुलगी आजीच्या गोष्टींवर वाढली. आतल्या आत साठलेले ते एकटेपण आता त्या नर्तकीचे रूप घेऊन बाहेर येते आहे.

हसता हसता प्रेक्षकाला कळते की ज्याला सगळे वाड्याचे भूत म्हणत होते, ते घरातल्याच एका बाईचे दुखणे होते. आणि ते घरात कोणालाच दिसले नव्हते, तिच्यावर जीव लावणाऱ्या नवऱ्यालाही नाही.

या भूमिकेसाठी शोभना यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. डबिंगशी जोडलेली एक गोष्ट इथे सांगण्यासारखी आहे. मूळ सिनेमातही शोभना यांचा स्वतःचा आवाज नाही. सुनेचे, म्हणजे गंगाचे, संवाद भाग्यलक्ष्मी यांनी म्हटले आणि अंगात नर्तकी आल्यानंतरचे तमिळ संवाद दुर्गा या दुसऱ्या कलावतीने. पुष्कळ वर्षे लोकांना हे ठाऊक नव्हते. म्हणजे चेहरा एकीचा आणि आवाज दुसऱ्या दोघींचे.

आपल्या घरांत सुनेचे बोलणे बहुधा असेच दुसऱ्याच्या आवाजात ऐकू येते. डॉक्टरने तिला विचारले, "काय होतंय?" तर उत्तर सासूबाई देतात. माहेरच्यांनी फोन केला तर, "मजेत आहे," असे नवरा सांगतो. तिला भूक लागली का, झोप येते का, माहेरी जायचे आहे का, सगळ्याची उत्तरे तिच्या वतीने दुसरेच देतात. आणि एक दिवस ती वेगळ्या आवाजात बोलू लागते, ओरडते, शिव्या देते. तेव्हा मात्र सारे घर गोळा होऊन ऐकते. फक्त ती बोलते आहे असे कोणी म्हणत नाही. म्हणतात, "ही नाही बोलत, हिच्या अंगात दुसरंच कोणी बोलतंय."

भूत नेहमी शेजाऱ्याचे

या सगळ्या सिनेमांत एक गंमत आहे. मलयाळम सिनेमातले भूत तमिळ बोलते. तमिळ 'चंद्रमुखी'तले भूत तेलुगू बोलते. हिंदी 'भूलभुलैया'तली मंजुलिका बंगाली बोलते. आपल्या भाषेतले भूत कोणालाच नको असते. ते नेहमी शेजारच्या प्रांतातून आलेले असते.

आपल्याकडेही वेगळे नाही. मराठी मुलखात 'खवीस' नावाचे एक भूत सांगतात. जुन्या समजुतीप्रमाणे ते मुसलमानाचे भूत! शब्दही अरबी 'खबीस'वरून आलेला. गावातल्या एखाद्या बाईच्या अंगात आले आणि ती हिंदीत बोलू लागली की, "खवीस लागला," असे लोक म्हणत. आणि आपल्या मोहल्ल्यात? आपल्याकडे कोणाला 'हवा' लागली की ती बहुधा पिंपळाखालची निघते, नाहीतर स्मशानाच्या रस्त्यावरची. त्यांना आपले भूत लागते, आपल्याला त्यांचे. दोन्ही घरांत आजारी बाई एकच असते.

यावर हसू येते, पण यातच मेख आहे. भूत बाहेरचे ठरले की घरातल्या कोणालाच काही विचारावे लागत नाही. लागोपाठ चार बाळंतपणे झाली, पण तिला विश्रांती कोणी दिली? आईचा इंतकाल झाला तेव्हा तिला मनसोक्त रडू कोणी दिले? नवरा आखाती देशात, दोन वर्षे घरी नाही, तेव्हा तिच्याशी बोलायला कोण होते? हे प्रश्न जड आहेत. त्यापेक्षा, "पिंपळाखालून गेली होती," हे उत्तर सोपे आहे.

आणखी एक कारण आहे, ते आपण उघड बोलत नाही. 'साया' हा इज्जतीचा शब्द आहे. मुलीला साया लागला, उतारा केला, बरी झाली, असे चार लोकांत सांगता येते. पण 'डोक्याच्या डॉक्टरकडे' नेले असे कळले तर तिचे लग्न जुळणार नाही आणि धाकट्या बहिणीचेही अडेल, ही भीती असते. म्हणून घरातली शहाणी माणसेही आजार ओळखूनच त्याला भूत म्हणतात. या भीतीची किंमत ती मुलगी भरते, कधी कधी आयुष्यभर.

डॉक्टर गेला, बाबा आला

आता पुढचे सिनेमे पाहा. 'भूलभुलैया'मध्ये नायक डॉक्टर होता. २०२२ मध्ये 'भूलभुलैया २' आला. त्यात नायक 'रूह बाबा' आहे, भुते दिसतात असे खोटेच सांगणारा तरुण. आणि गंमत म्हणजे खोलीतले भूत खरेच निघते. 'चंद्रमुखी'चेही तेच. २००५ मध्ये रजनीकांत अमेरिकेहून आलेला मानसोपचार डॉक्टर होता. त्याच पी. वासू या दिग्दर्शकाने २०२३ मध्ये 'चंद्रमुखी २' काढला, त्यात आत्मे खरेच अंगात येतात.

राघव लॉरेन्स यांचा तमिळ 'कांचना' (२०११) हिंदी डबमध्ये आपल्याकडे घरोघर पाहिला गेला. त्यातले भूत न्याय मागणारे आहे. आईबापांनी टाकलेली एक तृतीयपंथी व्यक्ती, तिला आसरा देणारा एक मुसलमान भला माणूस आणि त्यांची जमीन बळकावून त्यांना मारणारा पुढारी. गोष्ट काळजाला भिडते. त्याच दिग्दर्शकाने २०२० मध्ये हिंदीत 'लक्ष्मी' केला. त्यात नायकाचे नाव आसिफ. तो बाबा-बुवांचे बिंग फोडत फिरणारा तरुण, भुतांवर त्याचा विश्वास नाही. आणि भूत येते ते नेमके त्याच्याच अंगात! म्हणजे न मानणाऱ्याचीच फजिती.

सिनेमाने काय दाखवावे हे आपण ठरवू शकत नाही. आपल्याकडचे 'झपाटलेला' आणि 'पछाडलेला' पाहून आपणही पोट धरून हसलो. पण मुलांसमोर एकामागून एक असे सिनेमे लागतात, तेव्हा जुन्या गोष्टीतला तो डॉक्टर त्यांच्या नजरेतून निसटतो एवढे लक्षात ठेवावे. मूल विचारते, "अम्मी, भूत खरंच असतं का?" तेव्हा, "गप्प बस," म्हणू नये. जिन्नांचा उल्लेख कुरआनात आहे, त्या नावाची एक सूरहही आहे. पण मेलेल्या माणसाचा आत्मा बंद खोलीत पैंजण घालून फिरतो, ही गोष्ट आपल्या अकीद्यात बसत नाही. आणि जिन्न मानणे वेगळे, घरातल्या प्रत्येक आजाराला जिन्नाचे नाव देणे वेगळे. हा फरक दहा वर्षांच्या मुलालाही समजतो.

आचार्य आणि डॉक्टर एकाच बाजूला

जुन्या गोष्टीतली एक बाजू मात्र आपण नीट पाहिलेली नसते. 'भूलभुलैया'त मंत्रतंत्र जाणणारे एक आचार्यही आहेत. ती भूमिका विक्रम गोखले यांनी केली. प्रेक्षकाला वाटते, आता आचार्य आणि डॉक्टर यांचे भांडण होणार. होत नाही. आचार्य डॉक्टरला ओळखतात, मानतात आणि त्याच्या उपचाराला मदत करतात. घरच्यांचा विश्वास आचार्यांवर असतो, आजाराचे ज्ञान डॉक्टरकडे असते. दोघे एकत्र येतात तेव्हा ती बाई वाचते. पडद्यावर दाखवलेला उपचार मात्र कोणत्याही डॉक्टरच्या पुस्तकात सापडणार नाही. तो सिनेमाच आहे. खरा उपचार गोळ्या, बोलणे, झोप आणि महिनोन्‌महिन्यांचा धीर यांनी होतो.

पण दोघांनी एकत्र येण्याची ती कल्पना खोटी नाही. आपल्या शेजारी गुजरातमध्ये, मेहसाणा जिल्ह्यातल्या उनावा इथे हजरत मीरा दातार यांचा दर्गाह आहे. सर्व धर्मांचे लोक तिथे मनाने आजारी असलेल्या नातलगांना घेऊन येतात. जळगाव, अमळनेर, नंदुरबारहून सुरतेची गाडी धरून जाणारी आपल्याकडची कुटुंबेही त्यात असतात. तिथे २००८ मध्ये एका स्वयंसेवी संस्थेने सरकारच्या मदतीने 'दवा आणि दुआ' हे काम सुरू केले. मुजावरांना मानसिक आजारांची ओळख करून दिली. येणाऱ्याला दुआ द्यायचीच, पण लक्षणे दिसली तर त्याला तिथेच बसणाऱ्या डॉक्टरकडे पाठवायचे. मुजावराने सांगितले, "बेटी, ही दवा घे, दुआ मी करतो," तर घरचे ऐकतात. तेच डॉक्टर एकटा सांगत राहिला तर ऐकत नाहीत.

या कामाची गरज का होती, ते तमिळनाडूतल्या एरवाडीने दाखवून दिले आहे. 'चंद्रमुखी' आणि 'कांचना' ज्या राज्यातले, त्याच राज्यात रामनाथपुरम जिल्ह्यात एरवाडीचा प्रसिद्ध दर्गाह आहे. त्याच्या आसपास मनोरुग्णांना ठेवणारी खासगी ठिकाणे उभी राहिली होती. नातलग पैसे देत आणि निघून जात. ६ ऑगस्ट २००१ च्या पहाटे अशा एका ठिकाणच्या शेडला आग लागली. रुग्ण साखळ्यांनी बांधलेले होते. त्यांना पळता आले नाही. २८ जण जळून मेले. सर्वोच्च न्यायालयाने या घटनेची स्वतःहून दखल घेतली. त्या २८ जणांपैकी कोणालाही भुताने मारले नाही, साखळीने मारले.

आपल्या जळगाव जिल्ह्याला लागून बुलढाणा जिल्हा आहे. तिथे सैलानी बाबांच्या दर्ग्यावर दरवर्षी होळीच्या सुमारास मोठी यात्रा भरते, नारळांची होळी पेटते. तिथेही लोक मनोरुग्णांना घेऊन येतात. श्रद्धेने येणाऱ्या कोणाला इथे दोष द्यायचा नाही. आजाऱ्याला घेऊन दोनशे किलोमीटर जाणाऱ्या आईच्या मनात मायाच असते. तिने त्याच मायेने त्याला डॉक्टरकडेही न्यावे, एवढेच सांगणे आहे.

कायदाही हेच सांगतो. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात हत्या झाली. त्यानंतर त्याच महिन्यात अध्यादेश निघाला आणि डिसेंबरमध्ये महाराष्ट्राचा जादूटोणाविरोधी कायदा मंजूर झाला. भूत उतरवण्याच्या नावाखाली माणसाला दोराने किंवा साखळीने बांधणे, मारणे, मिरचीची धुरी देणे हा या कायद्याने गुन्हा आहे. शिक्षा ६ महिन्यांपासून ७ वर्षांपर्यंत आणि दंड ५ हजारांपासून ५० हजार रुपयांपर्यंत. एखाद्या बाईला चेटकीण ठरवून छळणेही गुन्हाच. आपल्या सातपुड्यात 'डाकीण' म्हणून किती आदिवासी बायांनी मार खाल्ला, हे धुळे-नंदुरबारच्या लोकांना वेगळे सांगायला नको. हा कायदा उपासनेला, यात्रेला किंवा दुआ मागण्याला हात लावत नाही, फक्त मारहाणीला लावतो. २०१७ च्या केंद्रीय मानसिक आरोग्य सेवा कायद्यानेही मनोरुग्णाला साखळीने बांधण्यास पूर्ण बंदी केली आहे.

आपला वारसाही तोच सांगतो. आजार झाला तर इलाज करा ही प्रेषितांची (स.) शिकवण आपण सर्दी-तापाला मानतो, मग मनाच्या आजाराला का नाही? अबू जैद अल-बल्खी या विद्वानाने अकराशे वर्षांपूर्वी शरीराच्या आणि मनाच्या आरोग्यावर ग्रंथ लिहिला. त्यात भीती, उदासी, राग आणि मनात घर करून बसणारे विचार यांची चर्चा आहे. सीरियातल्या हलब शहरात १३५४ मध्ये बांधलेल्या बीमारिस्तानात मनोरुग्णांसाठी वेगळे चौक होते आणि त्यात कारंजी होती. वाहत्या पाण्याच्या आवाजाने मन निवते, असे ते लोक मानत. त्यांनी कारंजे ठेवले आणि आपण साखळी ठेवावी, हे शोभत नाही.

मग घरात काय करायचे?

समजा, शेजारची खाला तुमच्याकडे येते आणि हळू आवाजात म्हणते, "बाजी, आमच्या दुल्हनला काहीतरी लागलंय. रात्री उठून बसते, एकटीच बोलते." अशा वेळी पुढच्या काही गोष्टी लक्षात ठेवाव्यात.

बाळंतपणाला काही दिवस किंवा आठवडे झाले असतील आणि बाई झोपत नसेल, असंबद्ध बोलत असेल, कानात आवाज येतात म्हणत असेल किंवा बाळाविषयी विचित्र संशय घेत असेल, तर त्याच दिवशी दवाखाना गाठा. हजार बाळंतिणींत एक-दोघींना हा आजार होतो. तो तातडीचा असतो आणि उपचाराने पुरता बरा होतो. तोपर्यंत आई आणि बाळ दोघांना एकटे ठेवू नका. यालाच आपल्याकडे 'बाळंतिणीला लागलं' म्हणतात आणि त्यात मोलाचे दिवस जातात.

बाई अचानक पडते, हातपाय झटकते, तोंडाला फेस येतो, ही बहुधा मिरगी असते. चप्पल किंवा कांदा हुंगवून काही होत नाही. कुशीवर वळवा, तोंडात काही घालू नका आणि नंतर डॉक्टरकडे न्या. रोजच्या गोळ्यांनी बहुतेकांच्या फिट्स आटोक्यात येतात.

आवाज बदलतो, दुसऱ्याच नावाने बोलते, मग काही आठवत नाही असे होत असेल तर, "नाटक करते," असेही म्हणू नका आणि, "जिन्न आहे," असेही म्हणू नका. फार ताण सहन झाला की मन असे करू शकते. तिला तो ताण काय आहे ते सांगता येत नाही, म्हणूनच ते असे बाहेर येते. मारल्याने तो वाढतो.

दोन आठवड्यांहून जास्त काळ कोणी उदास असेल, खाणेपिणे सुटले असेल, जगून काय करायचे असे बोलत असेल, तर ते बोलणे गंभीरपणे घ्या. त्या माणसाला एकटे सोडू नका.

जायचे कुठे? राज्यात चार प्रादेशिक मनोरुग्णालये आहेत, ठाणे, येरवडा, नागपूर आणि रत्नागिरीला. खानदेशात एकही नाही. पण प्रत्येक आजाऱ्याला मनोरुग्णालय लागत नाही. बहुतेकांचे उपचार घरी राहून होतात. धुळ्याला श्री भाऊसाहेब हिरे शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाचे रुग्णालय आहे, जळगावलाही शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे. तिथे केसपेपर काढून मानसोपचार विभाग विचारा. घरातून बाहेर पडणे लगेच शक्य नसेल तर १४४१६ या क्रमांकावर फोन करा. ही 'टेली मानस' ही सरकारी सेवा आहे. ती १० ऑक्टोबर २०२२ रोजी सुरू झाली. फोन मोफत आहे, रात्री-अपरात्रीही चालतो आणि मराठीत बोलता येते. नाव सांगण्याची सक्ती नाही.

बंगळुरूच्या निमहान्स संस्थेने २०१५-१६ मध्ये केलेल्या राष्ट्रीय सर्वेक्षणात दिसले की आजाराच्या प्रकारानुसार ७० ते ९२ टक्के मनोरुग्णांपर्यंत उपचार पोहोचतच नाहीत. शंभरातले सत्तर-ऐंशी-नव्वद. ही माणसे कुठे आहेत? काही दर्ग्यांवर, काही देवस्थानांवर आणि बहुतेक आपल्याच घरांत, आतल्या खोलीत. पाहुणे आले की त्या खोलीचे दार लोटून घेतले जाते. सिनेमातल्या बंद खोलीला आपण घाबरतो. ही खोली मात्र रोजची झाल्यामुळे दिसत नाही.

गोळ्या सुरू झाल्या की दोन गोष्टींचा मोह होतो. पहिली, पंधरा दिवसांत बरे वाटले की गोळ्या बंद करणे. ते करू नका, डॉक्टर सांगतील तेव्हाच बंद करा. दुसरी, दुआ-तावीज बंद करायचे का म्हणून घरात भांडण काढणे. तेही नको. ज्या दादीने दम केलेले पाणी आणून ठेवले आहे, तिच्या हातून गोळीही द्या. तिच्या मायेचा उपयोग होऊ द्या. ज्या मौलाना साहेबांवर घराचा भरवसा आहे, त्यांना आधी जाऊन भेटा आणि विनंती करा, "हजरत, तुम्ही तिला एकदा सांगा की दवा घ्यायला हरकत नाही." एका वाक्याने जे काम होते ते दहा वर्षांच्या वादाने होत नाही. शुक्रवारच्या बयानात ही गोष्ट एकदा आली तर कितीतरी घरांची दारे उघडतील.

आणि पैसे मागणारा, एकांतात बसवणारा, मारणारा, "कोणाला सांगू नका," म्हणणारा कोणी आमिल भेटला, तर तिथून उठून या. खरी दुआ करणाऱ्याला या चारपैकी कशाचीच गरज पडत नाही.

सिनेमातल्या डॉक्टरने त्या वाड्यात जाऊन पहिले काम काय केले? त्याने उतारा केला नाही, गोळीही दिली नाही. त्याने घरातल्या प्रत्येकाचे ऐकले. बाकीचे सगळे छतावरचा आवाज ऐकत होते, तो माणसांचे ऐकत होता. हे काम करायला पदवी लागत नाही. आज घरातली कामे आटोपल्यावर, टीव्ही बंद करून, आपल्या सुनेजवळ, मुलीजवळ, जावेजवळ पाच मिनिटे बसा आणि विचारा, "तुला काय होतंय, बेटा?" मग तिच्या वतीने दुसऱ्या कोणालाही उत्तर देऊ देऊ नका. तिला वेळ लागेल. थांबा.